कुत्रा नखं कापू देत नाही, दवाखान्याच्या गल्लीतच फतकल मारतो: काय करावं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. ब्रूनो हा साधारण तीन वर्षांचा, रस्त्यावरून आणलेला देशी कुत्रा. कानाला नसबंदीची खाच आहे. घरात मवाळ, पोट खाजवून घ्यायला स्वतःहून आडवा होतो, पण नेलकटर बाहेर आला की पलंगाखाली. मागच्या लसीच्या वेळी तिघांनी त्याला टेबलावर दाबून धरलं, तेव्हा त्याने मदतनिसाच्या मनगटाला दात लावले. आता दवाखान्याच्या गल्लीच्या तोंडाशीच तो फतकल मारतो. दीड महिन्यावर रेबीजचा वार्षिक डोस आला आहे. घरात दोन मतं आहेत: तोंड बांधून एकदाचं उरकावं, की काही शिकवता येईल?

शिकवता येईल. पण दीड महिन्यात काय जमेल आणि काय नाही, हे आधीच सांगून टाकते. रोज थोडा थोडा सराव झाला तर ब्रूनो मझल, म्हणजे चावू नये म्हणून तोंडाला घालायचं मुस्कं, आपणहून घालू लागेल, खांद्यावरचा स्पिरिटचा बोळा आणि कातडीचा चिमटा चालवून घेईल, दवाखान्याच्या दारापर्यंत बऱ्यापैकी निवांत येईल, एवढी आशा धरायला हरकत नाही. चारही पायांची नखं एवढ्यात होतीलच असं नाही, आणि त्याची घाईही नाही.

शिकवणीआधी एक शंका फेडून घ्या: त्याला कुठे दुखत तर नाही ना? आतापर्यंत कान पुसू देणारा कुत्रा अचानक गुरगुरायला लागला, मागचा पाय उचलू देईनासा झाला, तर तो हट्ट नसून बहुतेक वेळा कानातला संसर्ग, सांध्याचं दुखणं किंवा बोटांमधली जखम असते. दुखणाऱ्या जागेला हात लावून घ्यायला खाऊने शिकवता येत नाही, आणि शिकवूही नये. आधी उपचार.

दुसरी शंका नखांचीच. रोज डांबरी रस्त्यावर नि सिमेंटवर फिरणाऱ्या देशी कुत्र्याची नखं बरेचदा आपसूक झिजतात. घरात फरशीवर चालताना टकटक आवाज येत नसेल, उभा असताना नखं जमिनीला टेकत नसतील, तर कापायचं काय? फक्त पुढच्या पायांच्या आतल्या बाजूला वर असलेलं अंगठ्याचं नख बघायचं. ते जमिनीला लागत नाही, त्यामुळे झिजत नाही आणि वळून कातडीत रुतू शकतं. म्हणजे ब्रूनोचा झगडा कदाचित दोनच नखांचा असेल. अनेक घरांत कुत्र्याची आणि माणसांची दर महिन्याला होणारी ओढाताण निव्वळ ‘कापायचीच असतात’ या समजुतीवर चाललेली असते.

आता मुख्य मुद्दा. बहुतेक लोक नखं कापायची सवय नखं कापूनच लावायला जातात. सराव वेगळा आणि काम वेगळं. सरावाच्या वेळी कुत्र्याला ‘नको’ म्हणायची मोकळीक असते आणि त्याने नको म्हटलं की आपण थांबतो. काम, म्हणजे लस, तुटलेलं नख, पिकलेला कान, हे काही वेळा त्याच्या मर्जीविरुद्धही करावं लागतं. या दोन गोष्टी एकाच जागी, त्याच टॉवेलवर, त्याच खुणेने केल्या की सराव वाया जातो. काल ज्या खुणेवर थांबत होतो, त्याच खुणेवर आज दाबून धरलं, तर उद्या त्याने त्या खुणेवर विश्वास का ठेवावा?

‘नको म्हणू दिलं तर तो कायम नकोच म्हणेल’ हा आक्षेप मला नेहमी ऐकू येतो. प्रत्यक्षात उलटं घडतं. दातांच्या खुर्चीत आपण बसून राहतो ते ‘हात वर केलात की मी थांबेन’ असं डॉक्टरांनी सांगितलेलं असतं म्हणून. कुत्र्याचंही तेच आहे. सुटका आपल्या हातात आहे हे कळलं की सुटायची घाई कमी होते. जगभरच्या प्राणिसंग्रहालयांत गेंडे, जिराफ, तरस यांच्याशी हीच पद्धत वापरतात. जिराफ आपणहून खूर पुढे करतो, डॉल्फिन रक्त काढायला शेपूट देतो. जिराफाला तिघांनी दाबून धरायची सोयच नसते, त्यामुळे तिथल्या लोकांना ही अक्कल आपल्याआधी आली.

दाबून धरल्यावर कुत्रा थोड्या वेळाने ‘शांत झाला’ असं आपण म्हणतो, तेही जरा तपासून बघा. अंग ताठ, तोंड घट्ट मिटलेलं, डोळ्यांचा पांढरा भाग दिसतोय, श्वास उथळ: ही शांतता नव्हे, हरलेल्या प्राण्याने सोडून दिलेली धडपड आहे. असा कुत्रा पुढच्या वेळी आधीच्या सगळ्या पायऱ्या गाळून थेट चावतो. ब्रूनोने मदतनिसाला दात लावले त्याआधी त्याने बऱ्याच गोष्टी सांगितल्या असणार. ओठांवरून जीभ फिरवली असेल, झोप आलेली नसताना जांभई दिली असेल, मान वळवली असेल, कान मागे घेतले असतील, टेबलावर पंजांचे ओले ठसे उमटले असतील, धपापला असेल. मग क्षणभर गोठला असेल. तो गोठण्याचा क्षण सगळ्यांत महत्त्वाचा. तिथे हात काढला तर पुढचं टळतं. आणि गुरगुरला म्हणून रागावू नका, चापट तर मुळीच मारू नका. गुरगुरणं ही त्याने दिलेली पूर्वसूचना आहे. ती मारून टाकली की भीती तशीच राहते, फक्त सूचना न देता चावणारा कुत्रा तयार होतो.

देशी कुत्र्याच्या बाबतीत आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. कानाला खाच आहे, म्हणजे कधीतरी त्याला जाळीत किंवा हाताने पकडलंय, गाडीत घातलंय, अनोळखी पिंजऱ्यात ठेवलंय, सुई टोचलीय आणि जाग आली तेव्हा पोटाखाली दुखत होतं. नसबंदी आवश्यकच आहे, त्याबद्दल वाद नाही. पण स्पिरिटचा वास, लोखंडी दाराचा आवाज आणि मानेमागून येणारा हात यांचा अर्थ त्याच्या लेखी काय असेल, हे समजून सुरुवात करा. मानेमागून कधीच नाही. बाजूने, छातीच्या किंवा खांद्याच्या दिशेने हात आणा.

खाऊ कोणता? रोजची पोळी किंवा कोरडे दाणे चालणार नाहीत, भीतीपुढे ते टिकत नाहीत. उकडलेलं चिकन, कलेजी, अंडं, शाकाहारी घरात पनीर नाहीतर चक्का. सुक्या मासळीचा वास कुत्र्यांना वेड लावतो, पण ती खारवलेली असेल तर आधी भिजवून मीठ काढा. पीनट बटर चालतं, फक्त डब्यावर झायलिटॉल लिहिलेलं नाही ना, बघून घ्या. ती साखरेऐवजी वापरली जाणारी गोडी कुत्र्यांना विषारी आहे. मनुका, चॉकलेट आणि कांदाही नको. तुकडा हरभऱ्याच्या दाण्याएवढा. दिवसाच्या जेवणातून तेवढं कमी करायचं.

आणि हा खाऊ कधी द्यायचा, यावर निम्मा खेळ आहे. आधी स्पर्श, मग खाऊ. एकाच वेळी नाही, आधी तर नाहीच. आवाज ऐकताच कुत्र्यांच्या तोंडाला पाणी सुटतं हे दाखवणाऱ्या पावलोव्ह या शास्त्रज्ञाच्या प्रयोगातही आवाज आधी होता आणि अन्न नंतर. आपण नेमकं उलटं करतो: आधी पनीर दाखवून बोलावतो, तोंडाशी धरतो, आणि तो खाण्यात गुंतला की पाय पकडतो. दोन-तीनदा असं झालं की पनीर हीच धोक्याची खूण होते. मग लोक तक्रार करतात की पनीर दिसलं तरी पळतो. तो ‘तरी’ पळत नाही, पनीर दिसलं म्हणूनच पळतो. तेव्हा खाऊचा डबा बाजूला बंद ठेवा. खांद्याला एक सेकंद स्पर्श करा, हात काढा, ‘हं’ म्हणा, मग डबा उघडून तुकडा द्या. ‘हं’ हा शब्द कोणताही चालेल, फक्त घरात इतर वेळी तो सारखा वापरात नसावा. क्लिकर, म्हणजे दाबल्यावर टक्‌ वाजणारी छोटी डबी, असेल तर तोही उत्तम, पण काही कुत्रे त्याच्या टकटकीनेच दचकतात.

सुरुवात हनुवटीपासून करा. एक पाट किंवा बुटकं स्टूल घ्या, त्यावर घडी घातलेला टॉवेल ठेवा. उंची अशी हवी की ब्रूनो उभा असताना किंवा बसल्यावर मान न ताणता हनुवटी टेकेल. खाऊचा तुकडा हातात धरून टॉवेलच्या वरून पुढे न्या, हनुवटी टेकली की ‘हं’ आणि खाऊ. थोड्या वेळाने रिकाम्या हाताने तीच खूण करा. तो आपणहून येऊन हनुवटी टेकू लागला की मग वेळ वाढवा: एक सेकंद, दोन, कधी परत एक, मग चार. वेळ सतत वाढत गेली तर त्याला वाटतं हे दर वेळी अवघडच होत जाणार, म्हणून मधूनमधून सोपं ठेवायचं.

हनुवटी पाच-सहा सेकंद टेकून राहायला लागली की दुसरा हात कामाला लावा. आधी फक्त हवेत हलवा. मग खांद्याला लावा. मग कानाच्या मुळाशी. या सगळ्यात एकच नियम मोडायचा नाही: हनुवटी उचलली की हात त्या क्षणी बाजूला. रागावणं नाही, ‘अरे ये ना’ अशी मनधरणी नाही, हनुवटी धरून परत ठेवणं तर नाहीच. गप्प बसायचं. तो परत टेकेल. टेकला की आधीपेक्षा सोपी पायरी घ्या. पहिल्या काही दिवसांत तो मुद्दाम उचलून बघेल, खरंच थांबतात का याची परीक्षा घेईल. त्या परीक्षेत तुम्ही पास झालात की पुढचं सगळं सोपं जातं. तो टॉवेलकडे येतच नसेल, तर तेही उत्तर समजा आणि त्या दिवशी सोडून द्या.

काही कुत्र्यांना हनुवटी टेकवणं आवडत नाही. चिराग पटेल या ब्रिटनमधल्या प्रशिक्षकाचा ‘बकेट गेम’ त्यांच्यासाठी सोयीचा. खाऊ भरलेली वाटी समोर स्टुलावर ठेवायची. कुत्रा वाटीकडे बघतोय तोपर्यंत आपला हात चालू, नजर वळवली की हात थांबला. वाटी समोर असली तरी खाऊ मिळतो तो स्पर्शानंतरच. खूण कोणतीही असो, कुत्र्याला ती सहज देता यायला हवी आणि तितक्याच सहज मागे घेता यायला हवी.

एका वेळी दीड-दोन मिनिटं, बस्स. दिवसातून दोनदा झालं तरी पुष्कळ. जेवणाआधी करा. दमलेला असेल, पाहुणे आलेले असतील, शेजारी ड्रिल मशीन चाललं असेल तर नको. दिवाळीच्या फटाक्यांच्या आठवड्यात सराव बंदच ठेवा, भीतीवर भीती चढत जाते आणि मग चार दिवसांपूर्वी सहज जमणारी गोष्टही जमेनाशी होते. घरात एकच माणूस सराव करेल असं ठरवा. मुलांना यात घेऊ नका. आणि आजी-आजोबांना आधीच सांगून ठेवा की या दोन मिनिटांत मागून येऊन ‘शहाणं माझं बाळ’ म्हणत पाठीवरून हात फिरवायचा नाही.

पायाखाली काय आहे याकडे कोणी बघत नाही. आपल्याकडच्या गुळगुळीत टाइल्सवर कुत्र्याचे पाय सरकतात आणि सरकणाऱ्या पायांवर उभ्या असलेल्या कुत्र्याचा एक पाय उचलला की तो घाबरणारच. रबरी चटई, जुनी योगा मॅट किंवा गोणपाट टाका. हीच चटई पुढे दवाखान्यात स्टीलच्या टेबलावर अंथरायला न्यायची आहे.

पायाच्या सरावात वरून खाली या: खांदा, कोपर, मनगट, मग पंजा. एकदम पंजा पकडायचा नाही. पंजा हातात घेताना वर न उचलता आधी जमिनीवरच हाताने झाकायचा. मग बोटांवर हलका दाब, एकेक बोट वेगळं करणं. नेलकटर या काळात लांब जमिनीवर पडलेला असू द्या, तो दिसला की खाऊ मिळतो एवढंच. मग हातात. मग नखाला नुसता टेकवणं. कट्‌ आवाजाची सवय वेगळी करा: खराट्याचा हीर घेऊन नेलकटरने खोलीच्या दुसऱ्या टोकाला तोडा, आवाज झाला की खाऊ. हळूहळू जवळ या. आवाज, नखावरचा दाब आणि पंजा धरलेला हात या तिन्ही गोष्टी वेगवेगळ्या पचल्यावरच एकत्र करा. पहिल्या खऱ्या दिवशी एक नख, तेही नुसतं टोक. झालं. बाकीची उद्या, परवा. एका बैठकीत सगळी नखं झालीच पाहिजेत असा काही नियम नाही.

कापताना धार चांगली हवी, बोथट नेलकटर नख चिरडतो आणि तेच कुत्र्याला दुखतं. नखाच्या आत रक्तवाहिनी आणि नस असते. पांढऱ्या नखात ती गुलाबी दिसते. काळ्या नखात दिसत नाही, म्हणून पातळ पातळ चकत्या काढायच्या आणि कापलेल्या भागाच्या मध्यभागी गडद ठिपका दिसू लागला की थांबायचं. रक्त आलंच तर रक्त थांबवायची पावडर, ती नसेल तर कॉर्नफ्लोअर दाबून धरा. नखं फार वाढलेली असतील तर आतली नसही पुढे आलेली असते. दर आठवड्याला थोडं थोडं काढत गेलं की ती मागे सरकते.

नेलकटरचं नाव काढलं तरी हादरणाऱ्या कुत्र्याला एक पळवाट आहे. हातभर लांब फळीवर ८० नंबरचा पॉलिश पेपर चिकटवा आणि फळी तिरकी धरून त्याला पंजाने ओरखडायला शिकवा. ओरखडलं की खाऊ. पुढची नखं तो स्वतःच झिजवतो. अंगठ्याचं नख यात होत नाही, तेवढंच हाताने करायचं राहतं. मला स्वतःला हा उपाय फार आवडतो, कारण इथे कोणी कोणाला धरत नाही.

कान आणि गोचिडी यांचा सराव पावसाळ्यापूर्वी झालेला बरा. आपल्याकडे गोचिडींमुळे एर्लिकिया आणि बबेसियासारखे जिवावर बेतणारे ताप येतात, आणि फिरून आल्यावर कुत्र्याचं अंग चाचपता आलं नाही तर गोचीड वेळेत सापडत नाही. कानाच्या पाळीच्या आत, पट्ट्याखाली, बगलेत, बोटांच्या बेचक्यांत, शेपटीखाली: या पाच जागा रोज बोटाने फिरता आल्या पाहिजेत. गोचीड काढायची ती कातडीलगत चिमट्याने धरून सरळ ओढून. रॉकेल, काडी, चटके हे प्रकार नकोत. कान साफ करायच्या औषधाची बाटली थंड असते, ती आधी तळहातात धरून कोमट करा. थंड धार अचानक कानात गेली की महिनाभराची मेहनत जाते. कॉकर स्पॅनियल किंवा लॅब्राडोरसारखे लोंबत्या कानांचे कुत्रे असतील तर कानाला नखांपेक्षा जास्त वेळ द्या.

आता ब्रूनोची लस. डॉक्टरांना आधी विचारून घ्या की सुई कातडीखाली देणार की मांडीच्या स्नायूत. सराव त्याच जागेचा करा. कातडीखाली असेल तर खांद्याजवळची सैल कातडी दोन बोटांत उचलायची, सोडायची, खाऊ. मग थोडी जास्त धरायची. मग पेनाच्या टोपणाचा टोचल्यासारखा स्पर्श. मग बिनसुईची सिरिंज. स्पिरिटचा वास स्वतंत्र शिकवायचा: कापसाचा बोळा आधी चार हात लांब, वास आला की खाऊ, मग कातडीवर. सगळं जमलं की एखाद्या ओळखीच्या माणसाला डॉक्टर व्हायला सांगा, त्याने खोलीत यावं, बाजूने हात लावावा, कातडी उचलावी, निघून जावं. घरच्या माणसाने केलेलं चालतं म्हणजे परक्याने केलेलं चालेल, असं कुत्र्याचं गणित नसतं.

रक्त काढण्याची वेळही कधीतरी येतेच, विशेषतः तापात. ते बहुधा पुढच्या पायातून काढतात. मदतनीस कोपरामागून हात घालून पाय पुढे ताणतो आणि अंगठ्याने वरची शीर दाबतो. ही पकड घरात करून बघा, दोन सेकंदांपासून. शेपूट वर उचलण्याचाही सराव ठेवा. ताप बघायचा तर थर्मामीटर तिथेच लागतो, आणि कुत्र्याचं सामान्य तापमान साधारण १०१ ते १०२.५ अंश फॅरनहाइट असतं हे माहीत असलं की आपण उगाच घाबरत नाही.

तोंड बांधण्याबद्दल घरात वाद आहे म्हणालात. मझल वापराच, पण दोरी किंवा पट्टी गुंडाळून तोंड बंद करू नका. कापडी नळीसारखे मझलही फक्त मिनिटभराच्या कामाचे. कुत्रा धापून अंग थंड करतो. तोंडच उघडलं नाही तर आपल्या उन्हाळ्यात, घाबरलेल्या अवस्थेत, ते धोक्याचं आहे. पिंजऱ्यासारखं जाळीचं मझल घ्या, ज्यात त्याला तोंड उघडून धापता येईल, पाणी पिता येईल आणि जाळीतून खाऊही मिळेल. मापाचं घ्या, नाकपुडी घासता कामा नये. आतून दही किंवा चक्का चोपडून हातात धरा, तो स्वतः तोंड घालेल. मझलचा पट्टा पहिले काही दिवस लावूच नका. मग लावून लगेच सोडा. मग घरात घालून दोन पावलं फिरवा. मझल फक्त दवाखान्याच्या दिवशीच निघालं तर त्याचंही नेलकटर होईल, म्हणून ते घालून कधी नुसतं गच्चीवर न्या, कधी नुसता खाऊ द्या. चावलेला कुत्रा म्हणून मझल लावायला लाजू नका. मझल असलं की डॉक्टर आणि मदतनीस निवांत असतात, हात सैल राहतात, आणि त्या सैल हातांचा फायदा कुत्र्यालाच होतो. सरावात कोणाला दात लागलेच तर लस झालेला घरचा कुत्रा असला तरी जखम साबणाने वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवा आणि माणसांच्या डॉक्टरांना दाखवा.

गल्लीच्या तोंडाशी बसणं हे वेगळं काम आहे, रोजच्या फिरण्यात करता येण्यासारखं. तो बसतो त्याच्या अलीकडे दहा पावलांवर थांबा, खाऊ द्या, परत फिरा. ओढायचं नाही. दुसऱ्या दिवशी तिथून थोडं पुढे. दवाखान्यात आधी विचारून गर्दी नसलेल्या वेळी दारापर्यंत जा, आत वजनकाट्यावर चढा, खाऊ, घरी. सुई नाही, टेबल नाही. बहुतेक डॉक्टर याला हो म्हणतात, त्यांनाही दाबून धरण्यात रस नसतो. आपले दवाखाने बरेचदा एका गाळ्यातले, बाहेर फुटपाथवर रांग, शेजारी मांजराची टोपली, समोर गल्लीतली कुत्री. अशा ठिकाणी रांगेत ताटकळणं हाच अर्धा त्रास. नंबर लावून लांब रिक्षात किंवा झाडाखाली थांबा आणि फोन आला की थेट आत जा. रिक्षा किंवा गाडीतच तो लाळ गाळत असेल, ओकत असेल, तर ती मळमळ आहे. तिच्यावर औषध असतं, डॉक्टरांना सांगा. नाहीतर दवाखान्यात पोचेपर्यंतच त्याचं सगळं बळ संपलेलं असतं.

पिल्लू असलेल्यांसाठी दोन ओळी. तीन ते साधारण बारा-चौदा आठवड्यांचा काळ सोन्याचा. घरी आलेल्या दिवसापासून रोज कान, पंजे, हिरड्या यांना क्षणभर स्पर्श आणि खाऊ, एवढं केलं तरी वरच्यातलं निम्मं लागणार नाही. लसी पूर्ण होईपर्यंत दवाखान्यात मांडीवरच ठेवा, जमिनीवर सोडू नका. पार्व्हो या पिल्लांच्या जीवघेण्या उलट्या-जुलाबांच्या आजाराचा विषाणू फरशीवर टिकून राहतो.

ब्रूनोला ग्रूमरची, म्हणजे कुत्र्यांचे केस कापून-विंचरून देणाऱ्याची, गरज नाही, देशी कुत्र्याला ब्रश आणि अधूनमधून अंघोळ पुरते. शिट्झू, गोल्डन, पॉमेरेनियनवाल्यांनी मात्र ग्रूमरला आधी विचारावं: आम्ही थांबलो तर चालेल का, कुत्रा नको म्हणाला तर तुम्ही काय करता? दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर ‘आम्ही सांभाळून घेतो’ एवढंच आलं तर दुसरा ग्रूमर बघा. टेबलावरच्या गळ्याच्या फासात कुत्र्याला एक क्षणही एकटं सोडता कामा नये. केसांच्या गाठी फार झाल्या असतील तर तासभर ओढून सोडवण्यापेक्षा ते केस काढून टाकणं दयेचं. पण गोल्डन, हस्की, पॉमेरेनियन अशा दुहेरी केसांच्या कुत्र्याला उन्हाळा आला म्हणून सरसकट भादरू नका. ते आवरण उन्हापासूनही राखतं.

आता दीड महिन्याने तयारी अर्धवटच झालेली असेल तर? रेबीजची लस पुढे ढकलायची नाही. महिनाभर आधीच डॉक्टरांना फोन करून मागच्या वेळी काय झालं ते सगळं सांगा, चावल्याचंही. भीती कमी करणारी औषधं असतात, गॅबापेंटिन किंवा ट्रॅझोडोनसारखी, जी घरून निघण्याआधी देता येतात. मात्रा डॉक्टरच ठरवतील. आपल्या घरातली झोपेची गोळी अजिबात द्यायची नाही. एखाद्या साध्या दिवशी घरीच चाचणी मात्रा देऊन बघता येईल का, तेही विचारा. नुसती गुंगी आणणारं औषध नको, असं स्पष्ट म्हणा. अंग ढिलं पडलेला पण आतून भेदरलेला कुत्रा आणखी वाईट आठवण घेऊन परततो.

त्या दिवशी चटई आणि मझल बरोबर न्या. हनुवटीचा टॉवेल घरीच ठेवा, कारण आज त्याचं ‘नको’ ऐकता येईल याची खात्री नाही. टेबलाऐवजी जमिनीवर चटई टाकून लस देता येईल का विचारा, पुष्कळ डॉक्टर तयार होतात. तुम्ही डोक्याच्या बाजूला, डॉक्टर खांद्याच्या मागे, तिसरं कोणी नको. कातडी उचलली, सुई गेली, आली, मग चिकनची अख्खी वाटी. जास्त कापायचं, तपासायचं त्या दिवशी काहीच नको. ‘आलाच आहात तर नखंही करून टाकू’ असं कोणी म्हटलं तर नको म्हणा. घरी आल्यावर दोन-तीन दिवस सराव बंद ठेवा, नंतर टॉवेल काढा आणि पुन्हा एका सेकंदाच्या हनुवटीपासून सुरू करा.